घरबसल्या नाटक आणि त्याचे तिकीट

मोबाईलच्या पडद्यावर दिवसभर हजारो चित्रे फुकट हलत असताना, त्याच पडद्यावर होणाऱ्या एखाद्या नाटकासाठी किंवा गाण्यासाठी दोनशे रुपये का मोजावेत, असा प्रश्न आमच्या विद्यार्थ्यांपैकी पुष्कळांच्या मनात येतो. आणि कित्येक पालकांनीही तो आम्हांस विचारलेला आहे. प्रश्न रास्त आहे. त्याचे उत्तर द्यावयाचे तर हे तिकीट म्हणजे काय, ते आले कोठून आणि त्याचे पैसे कोणाच्या पदरात पडतात, ह्याचा थोडा विचार केला पाहिजे.

येथे आम्ही क्रिकेटच्या सामन्यांविषयी बोलत नाही. ते कोट्यवधी लोक पाहतात आणि त्यांचा खर्च जाहिरातदार उचलतात. आमचा विषय त्याहून फार लहान आहे. कोणी एक गवई, कोणी एक नाटकमंडळी, कोणी एक कथाकथनकार अमुक दिवशी अमुक वाजता आपला कार्यक्रम इंटरनेटवरून थेट दाखवितो. शे-दीडशे, फार तर पाचशे माणसे तिकीट काढून आपापल्या घरी तो त्याच वेळी पाहतात. आणि कार्यक्रम संपला की दार मिटते. सन 2020 पूर्वी असे प्रयोग क्वचित होत. त्या वर्षापासून ते जगभर आणि आपल्या मराठी मुलुखातही एकाएकी पुष्कळ होऊ लागले.

तिकीट ही वस्तू आपल्याकडे तशी अलीकडचीच होय. दशावतार, ललित, कीर्तन ह्यांस तिकीट नव्हते. गाव वर्गणी काढी, देवस्थान शिधा देई, आणि कीर्तन संपल्यावर आरतीचे तबक फिरे. ज्याने त्याने आपल्या ऐपतीप्रमाणे व संतोषाप्रमाणे त्यात टाकावे. आपल्या जिल्ह्यातील करजगाव येथे 1861 साली जन्मलेले रेव्हरंड नारायण वामन टिळक ह्यांनी ख्रिस्ती कीर्तने केली. म्हणजे आधी ऐकावे, मग द्यावे, हा क्रम आपल्या हाडीमाशी खिळलेला आहे. तिकिटाने तो उलटविला. विष्णुदास भावे ह्यांनी 1843 साली सांगलीस ‘सीतास्वयंवर’ केले, त्या वेळी त्यांस राजाश्रय होता. तो सुटल्यावर मंडळी घेऊन ते गावोगाव निघाले आणि 1853 साली मुंबईस ग्रँट रोडवरील नाट्यगृहात त्यांनी तिकीट लावून प्रयोग केले. राजाश्रय गेल्यावर नटांच्या पोटाची सोय तिकिटाने केली, हे येथे ध्यानात ठेवण्यासारखे आहे. कारण 2020 साली पुन्हा तसेच काहीसे घडले.

दूर बसून पैसे देऊन नाटक ऐकण्याची कल्पनाही वाटते तितकी नवी नाही. पॅरिस शहरी 1881 साली विजेचे मोठे प्रदर्शन भरले होते. तेथे क्लेमाँ आदेर नावाच्या फ्रेंच शिल्पज्ञाने ऑपेराच्या रंगमंचावर ध्वनिग्राहक बसवून, तारेच्या साहाय्याने तेथील गाणे प्रदर्शनातील लोकांच्या कानी पोहोचविले. दोन कानांस दोन निरनिराळे ग्राहक असल्यामुळे गाणारा डावीकडून उजवीकडे चालत गेला तर ऐकणाऱ्यास ते समजे! पुढे 1890 पासून ह्याचा रीतसर धंदा निघाला. हॉटेलांत यंत्रे ठेवली जात, त्यात पन्नास सँतीमचे नाणे टाकले की पाच मिनिटे ऑपेरा ऐकावयास मिळे. ही कंपनी 1932 पर्यंत चालली. मग रेडिओने तिला गिळले. रेडिओचे ऐकणे श्रोत्यास जवळजवळ फुकट होते, आणि फुकटापुढे तिकीट टिकत नाही. वाचकांनी आपल्या मनातील शंका येथे ताडून पाहावी. ती शंभर वर्षे जुनी आहे.

आता 2020 कडे येऊ. मार्च महिन्याच्या मध्यास कोरोनाच्या साथीमुळे महाराष्ट्रातील नाट्यगृहे बंद झाली. नट हा निदान ओळखीचा माणूस असतो. त्यास दूरचित्रवाणीवर वगैरे काही काम मिळू शकते. परंतु नेपथ्य उभारणारे, प्रकाशयोजना सांभाळणारे, कपडेपट पाहणारे, सामानाच्या गाडीचा चालक, चहा देणारा पोऱ्या, ह्या सर्वांची मिळकत प्रयोगागणिक असते. प्रयोग नाही तर पैसा नाही. अशा वेळी झूम नावाचे सभा भरविण्याचे साधन घरोघर जाऊन पोहोचले होते. डिसेंबर 2019 मध्ये ह्या साधनावरील सभांतून दिवसास सुमारे एक कोट लोक भाग घेत. एप्रिल 2020 मध्ये तोच आकडा तीस कोटींवर गेला. आमचे वर्गही त्यावरच भरत असत, हे त्या वेळच्या विद्यार्थ्यांस आठवत असेल. फुकटच्या सभेस शंभर माणसांची आणि चाळीस मिनिटांची मर्यादा असे. मुलांस ती चाळीस मिनिटे फार आवडत.

त्याच पावसाळ्यात हृषिकेश जोशी ह्यांनी ‘नेटक’ ह्या नावाने इंटरनेटवरील नाटकाचा उपक्रम काढला. ‘नेट’ आणि ‘नाटक’ ह्यांचा हा संधी मोठा नेटका साधला आहे. त्यातील पहिले नाटक ‘मोगरा’ हे होय. ते तेजस रानडे ह्यांनी लिहिले आणि जोशी ह्यांनी दिग्दर्शित केले. वंदना गुप्ते, स्पृहा जोशी, भार्गवी चिरमुले आदी अभिनेत्रींनी आपापल्या घरी राहून त्यात कामे केली, आणि प्रेक्षकांनी तिकीट काढून ते आपापल्या घरी पाहिले. आधी चित्रित करून ठेवलेला हा खेळ नव्हता. प्रयोगाच्या वेळी अभिनेत्री तो खरोखरच करीत होत्या. एक वाक्य चुकले तर ते चुकलेलेच प्रेक्षकांपुढे जावयाचे. आमच्या मते नाटकाचे प्राणतत्त्व ते हेच. चित्रपटात धोका नाही, नाटकात आहे, आणि तो धोका घरच्या पडद्यावरही शिल्लक राहिला, एवढ्यासाठी आम्ही ह्या प्रयोगांस नाटक म्हणावयास तयार आहो.

तथापि एक गोष्ट सांगितल्यावाचून पुढे जाववत नाही. त्याच वर्षी 3 जून रोजी निसर्ग चक्रीवादळ श्रीवर्धन-दिवेआगरच्या बाजूस किनाऱ्यावर आले. दापोली व मंडणगड तालुक्यांतील गावे कित्येक दिवस अंधारात होती. विजेचे खांब आडवे, माडपोफळी आडव्या, मोबाईलचे मनोरे मुके. पुण्या-मुंबईचे रसिक घरबसल्या नाटकाची तिकिटे काढू लागले तेव्हा आपल्याच जिल्ह्यात कितीएक घरांस फोन भरावयाची सोय नुकतीच कोठे परत आली होती. ‘आता नाटक सर्वांच्या घरी पोहोचले’ असे जे त्या दिवसांत म्हटले जाई, त्यातील ‘सर्व’ हा शब्द असा तपासून घ्यावा लागतो.

कार्यक्रम घरी येतो तरी कसा? कॅमेरा व मायक्रोफोन ह्यांनी टिपलेले चित्र आणि ध्वनी संगणक अंकांत रूपांतरित करतो व दाबून लहान करतो. नंतर काही सेकंदांचा एकेक तुकडा पाडून तो मोठ्या केंद्रसंगणकाकडे धाडला जातो. तेथे प्रत्येक तुकड्याच्या स्पष्ट, मध्यम व अस्पष्ट अशा निरनिराळ्या प्रती तयार होतात, आणि ज्याच्या घरी जसे जाळे असेल तशी प्रत त्यास मिळते. चित्र एकाएकी पुसट होते आणि आवाज मात्र चालू राहतो, ह्याचे कारण हेच. पाहणाऱ्याचा फोन असे काही तुकडे जमा करून ठेवतो आणि मग दाखवू लागतो, म्हणून ‘थेट’ म्हटलेले चित्र वस्तुतः दहा ते तीस सेकंद शिळे असते. क्रिकेटच्या वेळी शेजारच्या घरातून षटकाराची आरोळी आधी ऐकू येते आणि आपल्या पडद्यावर गोलंदाज अजून धावतच असतो, हा अनुभव कोणास नाही?

नुसते पाहणाऱ्यास हा उशीर बाधत नाही. परंतु दोन घरी बसलेल्या दोन कलावंतांस तो फार बाधतो. सभेच्या साधनांत तुकडे जमविण्याची ही रीत टाळलेली असते, त्यामुळे उशीर सेकंदाच्या एखाद्या दशांशावर येतो. संवादास तेवढा चालतो. बोलणारा क्षणभर थांबला असे वाटते, इतकेच. गाण्यास तो मुळीच चालत नाही. ध्वनी हवेतून सेकंदास सुमारे 340 मीटर जातो. म्हणजे दहा मीटर अंतरावरील तबल्याचा बोल कानी यावयास सेकंदाचे सुमारे तीस सहस्रांश लागतात. एवढ्या अंतरापर्यंत वादक एकमेकांस सांभाळून घेतात. उशीर सेकंदाचे दीडशे सहस्रांश झाला, तर तबलजी पन्नास मीटर दूर बसल्यासारखा होतो; आणि त्याचे ऐकून गवयाने दिलेला प्रतिसाद परत त्याच्याकडे पोहोचेपर्यंत तीनशे सहस्रांश होतात. आता द्रुत लयीत मिनिटास 240 मात्रा चालल्या आहेत असे धरा. एका मात्रेस पाव सेकंद, म्हणजे अडीचशे सहस्रांश. अर्थात समेवर येता येता एक मात्रा हरवलेली असते! आमच्या मंडळीच्या गायनसंघाने टाळेबंदीत पडद्यावर चार आवाजांत एक गीत म्हणून पाहिले, तेव्हा वरचे स्वर ओळ संपवून श्वास घेत होते आणि खर्ज अजून मागल्या शब्दावर होता. कोणाचेही कान किंवा तालीम त्यास जबाबदार नव्हती. हे अंतराचे गणित आहे. म्हणूनच घरबसल्या मैफिलींत साथीदार एकाच खोलीत बसलेले दिसतात, अथवा एकटा कथाकार आपली कथा सांगताना दिसतो. नाटककारही ह्या प्रकारासाठी लिहिताना पात्रे फोनवर किंवा पडद्यावरच भेटत आहेत अशी योजना करतात, म्हणजे उशीर कथेतच मुरून जातो.

आता पैशाकडे वळू, कारण मूळ प्रश्न तोच आहे. समजा, दोनशे रुपयांची दीडशे तिकिटे गेली. तीस हजार रुपये झाले. तिकिटे विकणारी कंपनी आपला वाटा कापून घेते. कॅमेरा, दिवे, ध्वनी व जाळे सांभाळणारी माणसे असतात. लेखकाचे मानधन आहे. हे वजा जाता जे उरते ते पाच-सहा कलावंतांत वाटावयाचे. कोणी गबर होईल असा हा व्यवहार नाही. पण हाच कार्यक्रम फुकट दाखवून जाहिरातींवर विसंबावयाचे म्हटले, तर दीडशे प्रेक्षकांवर मिळणारी रक्कम चहापाण्यासही पुरणार नाही. जाहिरातीस लाखो डोळे लागतात. तिकिटास दीडशे खरी माणसे पुरतात. लहान कलावंतास लहान राहूनही जगता येईल अशी ही जवळजवळ एकच वाट आहे. लाखोंस आवडेल असेच बोलावे लागत नाही, हा त्यातील दुसरा लाभ. ज्याची बोली मालवणी आहे त्याने मालवणीतच गोष्ट सांगावी. समजणारे दीडशे जगात कोठेही असोत.

मध्यस्थ किती घेतो ह्याकडे मात्र लक्ष असावे. ऑगस्ट 2020 मध्ये फेसबुकने तिकिटाचे कार्यक्रम भरविण्याची सोय काढली आणि निदान वर्षभर तरी आपण त्यात काही घेणार नाही असे जाहीर केले. त्याच वेळी आयफोन बनविणाऱ्या ॲपल कंपनीकडे, तिच्या फोनवरून काढलेल्या तिकिटांवरचा शेकडा तीसचा वाटा सोडावा अशी विनंतीही केली. ती तेव्हा मान्य झाली नाही. दोनशेतील साठ रुपये, गाणे गाण्याबद्दल नव्हे तर फोन बनविल्याबद्दल! आपल्याकडे एक सोय अशी की 2016 साली सुरू झालेल्या यूपीआयमुळे चार तिकिटे विकणाऱ्या लहान मंडळीसही परस्पर पैसे घेता येतात. चेन्नईच्या संगीतसभांनी डिसेंबर 2020 चा मार्गळी महिन्याचा उत्सव तिकीट लावून इंटरनेटवर केला, तेव्हा शतकाची परंपरा असलेल्या त्या सभांसही हीच नवी व्यवस्था शिकून घ्यावी लागली.

आणि येथेच आमच्या विद्यार्थ्यांशी दोन शब्द बोलावयाचे आहेत. तिकीट काढणाऱ्यास एक दुवा मिळतो. तो उघडताना बहुधा मोबाईलवर आलेला आकडाही विचारतात. हा दुवा म्हणजे दारावरचा द्वारपाल होय. एका तिकिटावर घरातील आजी, आई, भावंडे एका पडद्यापुढे बसली तर ते गैर आहे असे आम्हांस वाटत नाही. कार्यक्रम करणाऱ्यांनीही तिकिटाचा दर ठरविताना हे गृहीत धरलेले असते. परंतु तोच दुवा वर्गाच्या गटात टाकणे, अथवा पडद्याचे चित्रण करून ते फिरविणे, ही निराळी गोष्ट आहे. नाट्यगृहात मागल्या दाराने तीस मित्रांस आत घेणारा मुलगा आणि हा, ह्यांत फरक इतकाच की येथे द्वारपाल दिसत नाही. 1957 च्या कॉपीराइट कायद्यात 1994 साली दुरुस्ती होऊन प्रयोग करणाऱ्या कलावंतांसही आपल्या प्रयोगावर हक्क मिळाला आहे. परवानगीवाचून चित्रण करणे हा त्या हक्काचा भंग ठरतो. दीडशेच्या हिशेबातून तीस तिकिटे गेली तर कोणाचे मानधन गेले, हे वरील आकड्यांवरून मुलांनी स्वतःच काढून पाहावे.

ह्या प्रकारात उणे काय आहे? हशा. विनोदी नाटकात नट वाक्य टाकून क्षणभर थांबतो आणि प्रेक्षकांच्या हशावरून पुढील वाक्याची वेळ ठरवितो. घरबसल्या प्रेक्षकांचे आवाज बंद ठेवावे लागतात, नाही तर कोणाचा कुकर शिट्टी देतो. तेव्हा नट विनोद करतो आणि समोर शांतता! काही मंडळी शेवटी सर्वांचे आवाज खुले करून टाळ्या ऐकवितात, पण ती टाळी उशिरा आलेल्या पत्रासारखी असते. शिवाय घरच्या प्रेक्षकास उठून जाण्यास लाज वाटत नाही. आमचा स्पष्ट अभिप्राय असा की, रत्नागिरीच्या स्वातंत्र्यवीर सावरकर नाट्यगृहात नाटक आले असता ते सोडून पडद्यावरचे पाहणे हा अरसिकपणा होय. पण सर्व नाटके येथे येत नाहीत. मुंबई सुमारे साडेतीनशे किलोमीटर, आणि एका नाटकासाठी रात्रभराचा प्रवास सामान्य गृहस्थास परवडत नाही.

नाट्यगृहे 5 नोव्हेंबर 2020 रोजी, म्हणजे नेमकी मराठी रंगभूमी दिनी, निम्म्या प्रेक्षकांसह उघडली; पुढील वर्षी एप्रिलमध्ये पुन्हा मिटली आणि 22 ऑक्टोबर 2021 पासून पुन्हा उघडली. लोक प्रत्यक्ष प्रयोगांकडे परत वळले आणि घरबसल्या नाटकांची लाट ओसरली. पण ओहोटीनंतर खडकांत पाणी राहते तसे काही प्रकार राहिले आहेत. व्याख्याने, कथाकथन, काव्यवाचन, लहान मैफिली, गाण्याचे व चित्रकलेचे वर्ग ह्यांस आजही तिकीट लावून दूरचे श्रोते घेतात. परदेशी मराठी कुटुंबे हा त्यातील मोठा आधार. येथे सायंकाळचे सात वाजले की लंडनमध्ये उन्हाळ्यात दुपारचे अडीच आणि न्यूयॉर्कमध्ये सकाळचे साडेनऊ होतात. कॅलिफोर्नियात मात्र पहाटेचे साडेसहा, आणि तेथील रसिकास कॉफीबरोबर भैरवी ऐकावी लागते. तसे पाहिले तर भैरवीची मूळ वेळ तीच!

आजवर आपण रत्नागिरीकर ह्या व्यवहारात बहुधा घेणारेच राहिलो. पुण्याचे व्याख्यान येथे ऐकावे, मुंबईचे नाटक येथे पाहावे. परंतु तारेस दोन टोके असतात. आपल्या गावोगावचे नमन-खेळे, संगमेश्वर-लांज्याकडील गण-गवळण व सोंगे पाहावयास मुंबईतील किती चाकरमानी तळमळत असतात, हे ज्यांच्या घरचे कोणी गिरणगावात किंवा विरार-नालासोपाऱ्यास आहेत त्यांस सांगावयास नको. शिमग्यास सर्वांसच रजा मिळत नाही. एखाद्या वाडीने पन्नास रुपये तिकीट लावून आपला खेळ शंभर चाकरमानी घरांस थेट दाखविला, तर पाच हजार रुपये होतात; मृदंगाची शाई, नवे कपडे, रंग ह्यांस ते काही कमी नाहीत. एक बरा कॅमेरा, गाणाऱ्यांजवळ एक व मृदंगाजवळ एक असे दोन मायक्रोफोन, विजेस इन्व्हर्टर, आणि वर पाठविण्याचा वेग सेकंदास तीन-चार मेगाबिट, एवढी सामग्री लागेल. पाहणाऱ्यास सेकंदास एक मेगाबिट पुरते. त्या हिशेबाने तासास साडेचारशे मेगाबाइट खर्च होतात, दोन तासांचा खेळ दिवसाच्या दीड जीबीत सहज बसतो. अडचण आहे ती वर पाठविण्याच्या वेगाची. खाली येणारा वेग बरा असलेल्या गावीही तो पुष्कळदा अपुरा पडतो, आणि खेळाच्या रात्री सारे गाव एकाच मनोऱ्यावर फोन लावून बसले की तो आणखी खाली जातो. म्हणून ज्या वाडीत ग्रामपंचायतीपर्यंत फायबर आलेले आहे, तेथून देवळाच्या अंगणापर्यंत शे-दोनशे मीटरची तार टाकता येईल की नाही, हे आमच्या नववी-दहावीच्या मुलांनी सुटीत घरी गेल्यावर पाहून यावे आणि वेग मोजण्याच्या साधनाने सकाळी, सायंकाळी व रात्री असे तीन आकडे लिहून आणावेत.